अक्कांचा मारवा

अक्का गाताना डोळे मिटत नसत. समोरच्याकडे रोखून बघत गायच्या. नवख्या माणसाला वाटे, आपलं काही चुकलं की काय. विचारलं तर म्हणायच्या, "ऐकतंय कोण, ते दिसायला नको का?"

धुळ्याच्या मुलींच्या शाळेत त्या संगीत शिकवायच्या, मी मराठी. तरुणपणी त्या संगीत नाटकांत नायिका होत्या. त्यांच्या एका नाटकाचं अख्खं चित्रीकरण झालं होतं. पुढे त्यातली गाणी उचलून कपाशीवरच्या, धरणावरच्या माहितीपटांत त्यांचा आवाज वापरला गेला; नाव कुठेच नव्हतं. "सरकीला तरी नाव असतं," असं त्या हसून म्हणायच्या. ते हसू मला कधी आवडलं नाही.

एकोणसत्तर साली मुंबईहून माणसं आली, ती खुद्द अक्कांवर माहितीपट करायला. दिग्दर्शकाने सकाळीच गायला सांगितलं. अक्का म्हणाल्या, "मारवा संध्याकाळचा. थांबा नाहीतर जा." तो थांबला. शाळेच्या सभागृहात त्या तासभर गायल्या. तसा मारवा मी पुन्हा ऐकला नाही.

निवेदन मी लिहिलं. आयुष्यात पहिल्यांदाच माझं लेखन पडद्यावर जाणार होतं. मारव्याच्या जागी दिग्दर्शकाने विचारलंही, "इथे नुसतं गाणं ठेवू का?" मी म्हणालो, "नको, इथे त्यांचं बालपण येऊ द्या."

धुळ्याच्या टॉकीजमध्ये मुख्य सिनेमाआधी तो माहितीपट लागला. साक्रीहून अक्कांचे थोरले भाऊ नाना मुद्दाम आले होते. पडद्यावर अक्का दिसल्या, आलाप सुरू झाला आणि त्यावर निवेदकाचा भारदस्त आवाज चढला. 'खानदेशच्या काळ्या मातीत उमललेला हा सूर...' माझी वाक्यं मी ओठांतल्या ओठांत म्हणत होतो. तेवढ्यात नाना अहिराणीत मोठ्याने म्हणाले, "अक्का, तुना आवाज कोठे शे? बठ्ठं तोच बोली ऱ्हायना!" लोक हसले.

बाहेर आल्यावर मी कौतुकाची वाट बघत उभा राहिलो. अक्का म्हणाल्या, "भाषा छान आहे, सर. मी वरच्या षड्जाला पोचले, तिथे तुमची काळी माती आली."

त्यानंतर शाळेत त्यांनी फक्त प्रार्थना शिकवल्या. बाहेर कुठे गायल्या नाहीत. चार-पाच वर्षांनी घशाच्या दुखण्याने आवाजच गेला, नुसती कुजबुज उरली. तेव्हा मला सुचलं, निवेदन चढवण्याआधीचं मूळ ध्वनिमुद्रण मागवावं, त्यांना ऐकवावं. मी दिग्दर्शकाला पत्र लिहिलं. उत्तर आलं: फिती पुसून दुसऱ्या कामाला वापरल्या, क्षमस्व.

पत्र लपवावंसं वाटलं, पण नेऊन दिलं. अक्कांनी ते दोनदा वाचलं, नीट घडी घालून मला परत दिलं. मग माझ्याकडे रोखून बघत त्या कुजबुजल्या,

"म्हणजे आता तुमचंच तेवढं उरलं."

श्रावणात त्या गेल्या.