तटावरची खिडकी

कुरोसेचे जहागीरदार मिकुरिया सादानोरी हे तिसरे चिरंजीव, म्हणजे घरात जादाचेच. थोरला तापाने गेला, मधला लढाईत, आणि गवंड्यांबरोबर चिखल तुडवण्यात रमणाऱ्या या पोराच्या गळ्यात जहागीर येऊन पडली. मिसरूड फुटायच्या वयात त्यांनी एक वेढाही सोसला होता. तटाच्या फटीमागे धनुष्य घेऊन बसायचं आणि दिसेल त्याच्यावर बाण सोडायचा, एवढंच काम. पुढे लढाया संपल्या, एडो शहरात सरसेनापती शोगुनचं बस्तान पक्कं झालं, तसे सादानोरी चहा करण्या-पाजण्याच्या विधीकडे वळले ते कायमचे. बाकीची बडी मंडळी चहा शिकत ती चारचौघांत मिरवायला. यांना त्यातली शांतता हवी होती, आणि ते तसं उघड सांगत.

पन्नाशीत त्यांनी हट्टाने स्वतःची चहाची खोली बांधली, तीही थेट किल्ल्याच्या तटावर, खंदकावरच्या पुलाच्या वरच्या कोपऱ्यात. भिंती स्वतः लिंपल्या. एका जागी मात्र चिखल थापलाच नाही, आतल्या बांबूच्या कामट्या तशाच उघड्या ठेवल्या. तीच खिडकी. खोलीला दुसरी नव्हतीच. सकाळचं ऊन कामट्यांतून नेमकं चहाच्या वाडग्यावर उतरे, आणि तेवढ्या उन्हासाठी त्यांनी हा सगळा खटाटोप केला होता.

गोची एकच झाली. एडोच्या परवानगीशिवाय किल्ल्याचा दगडही हलवायचा नाही, असा कायदा. "चहाच्या खोलीला कसली आलीय परवानगी?" असं म्हणून सादानोरी मोकळे झाले होते. शेजारच्या जहागिरीतून चुगली गेली आणि तपासणीला एडोहून शोगुनचा अधिकारी उत्सुमी गेंबा निघाला. त्याच्या एका शेऱ्याने जहागिरी बुडत आणि पदरचे सामुराई बायकापोरांसकट रस्त्यावर येत.

"सरकार, पाया पडतो," म्हातारा कारभारी जिनबेई म्हणाला, "पाडून टाकू ती खोली. पाहुणा अजून वेशीवर आहे."

"आत्ता पाडली तर चोरच ठरू. तू पाणी ठेव उकळायला."

"अहो, पण त्या खिडकीतून अख्खा पूल दिसतो!"

"मला कुठे पूल बघायचाय?"

"तुम्हाला नसेल. त्याला दिसणार ना!"

उत्सुमी अंगाने दांडगा. रिवाजाप्रमाणे तलवारी बाहेर ठेवून खोलीच्या बुटक्या दारातून रांगत शिरताना खांद्याशी अडकला आणि वैतागूनच आत आला. आला तो सरळ खिडकीशी गेला.

"मिकुरियासाहेब, ही तर बाणाची फट आहे."

"वेढ्यात फटीमागे मी बसलोय, उत्सुमीसाहेब. तिच्यातून बाहेर बघायचं असतं. ही मी आत बघायला केलीय."

"हे एडोत कुणाला समजावू? तिथे पूल आणि फट, एवढंच कळतं."

सादानोरींनी वाद घातला नाही. चिखलाचं घमेलं मागवलं, रेशमी बाह्या वर बांधल्या आणि सराईत हाताने कामट्यांवर चिखल थापला. "घ्या. राहिलेली भिंत पुरी झाली," म्हणाले. दार सरकवून घेतलं, हात धुतले आणि काळोखात, निखाऱ्यांच्या लाल उजेडात चहा घुसळला. बाहेर जिनबेईने कपाळावर हात मारून घेतला.

उत्सुमी चहा प्यायला. आता वाडगा नीट न्याहाळून चार शब्द बोलायचे, त्याशिवाय पाहुण्याने उठायचं नसतं. त्याने वाडगा फिरवला, निखाऱ्यांजवळ नेला, डोळे बारीक केले.

"कुठल्या भट्टीचा?"

"बघा की."

"दिसेल तर बघू ना!"

"भिंत आहे बुवा. तिला मी काय करणार?"

"माझी थट्टा करताय?" उत्सुमी भडकला. गुडघ्यांवर सरकत गेला आणि ओल्या चिखलात बोटं खुपसून त्याने कामट्यांमधला लपका बाहेर ढकलला. तो खाली खंदकात पडला. ऊन आत आलं.

"आता शेऱ्यात लिहा, फट कुणी पाडली ते," सादानोरी म्हणाले. आवाज अगदी खणखणीत.

पण ऊन वाडग्याबरोबर त्यांच्या हातांवरही पडलं होतं. मांडीवरचे ते हात थरथरत होते. त्यांनी एकावर दुसरा दाबून धरला, तरी थरथर थांबेना.

उत्सुमी बघत राहिला. "तुम्ही घाबरलाय?"

"तुम्ही वेशीवर आलात तेव्हापासून. इतकी घरं आहेत माझ्या जिवावर. काळोखात निदान दिसत तरी नव्हतं."

मनगटापर्यंत चिखलाने भरलेला हात उत्सुमीने स्वतःच्या बाहीला पुसला.

"बंड करणाऱ्यांचे हात मी पाहिलेत," तो म्हणाला, "ते असे थरथरत नाहीत."

मग त्याने वाडगा पुढे सरकवला.

"काळा आहे. सुरेख आहे. आणखी एकदा करा चहा. आणि सावकाश करा, आता उजेड आहे."