अंगाला वास होता तरी

वासानं डास पळतो, हे तुम्हाला कुणी सांगितलं? सांगणाऱ्याची खात्री होती म्हणून विश्वास ठेवलात ना? मग जरिनाची गोष्ट ऐका. तिचीही खात्रीच होती.

कराडच्या जरिनाच्या सासरी तीन पिढ्या अत्तराचा धंदा. स्प्रेच्या बाटल्या आल्या आणि अत्तराचं गिऱ्हाईक आटलं. तेव्हा तिनं नवं काढलं: खोबरेलात लव्हेंडरचं तेल, डास पळवायला. यात फसवणूक नव्हती. तेल चोख होतं, आणि डास घटकाभर त्याला बिचकतोही. पण घटकेत वास उडणारा माल विकायची तिला लाज वाटायची. वास टिकला तर माल टिकला, हे सासऱ्यानं शिकवलेलं. म्हणून तिनं त्यात वास धरून ठेवणारं जाड तेल मिसळलं. सकाळी लावलं की दिवेलागणीपर्यंत अंग दरवळायचं. वास आहे तोवर डास येणार नाही, हे तिनं गृहीतच धरलं. नाकावर जन्म काढलेल्या बाईला शंका यावी कुठून?

पलूसच्या आठवडी बाजारात तिची जागा ठरलेली. बाजार उठला की तानुबाईकडं चहा पिऊनच ती एसटी धरायची. तानुबाईचा मुलगा फौजेत, सून बाळंतपणाला माहेरी, सात वर्षांची नात शिवांजली आजीपाशी. नळाला चौथ्या दिवशी पाणी, त्यामुळं घरामागच्या परड्यात पिंप कायम भरलेलं.

एकदा आरोग्य केंद्राच्या आशाताई आल्या. पिंपात बॅटरी मारून वळवळणाऱ्या अळ्या दाखवल्या, पाणी ओतून पिंप आतून घासा, अंडी कडेला चिकटतात म्हणाल्या. तानुबाई भडकली. पाणी ओतून पोरीला काय मातीनं अंघोळ घालू, असं तिनं विचारलं. हा डास दिवसा चावतो, असं आशाताई समजावू लागल्या, तोच चहा पीत बसलेली जरिना मध्ये पडली.

"आवं ताई, पोरीच्या अंगाला माझं तेल हाय. वास हाय तवर डास फिरकायचा न्हाई."

"ऐकलंस न्हवं?" तानुबाई म्हणाली. "भाबी कराडची अत्तरवाली हाय. तुज्यागत नुसतं कागद भरत हिंडत न्हाई."

दोघी हसल्या. आशाताई वहीत काहीतरी लिहून निघून गेल्या.

पंधरवड्यानं शिवांजलीला ताप चढला. चौथ्या दिवशी उतरला, तशी आजी निर्धास्त झाली. त्याच संध्याकाळी पोरीचे हातपाय गार पडले. सांगलीला नेलं, पण उशीर झाला होता. डेंगीनं पोर गेली.

जरिनाला हे बाजारात कळलं. माल तसाच टाकून ती तानुबाईकडं गेली, शिव्या खायच्या तयारीनंच. तानुबाईनं शिवी दिली नाही.

"भाबी," ती म्हणाली, "दवाखान्यात निजवली, तवाबी पोरीच्या अंगाला तुज्या तेलाचा वास येत हुता."

जरिना उठून परड्यात गेली. भर दुपार. सकाळी लावलेलं तेल तिच्या मनगटावर अजून घमघमत होतं. तिथंच पांढऱ्या पट्ट्यांचा एक डास बसला. तिनं मारला नाही. पोट भरून तो उडेपर्यंत बघत राहिली. मग पिंप आडवं केलं आणि काथ्यानं आतून खसाखसा घासलं.

आजही ती बाजारात बाटल्या मांडते. पण हात पुढं करणाऱ्याला आधी सांगते, की हे तेल घटकाभराचं, पुढं नुसता वास. माझ्या शब्दावर एक पोर गेली. आधी घरी जाऊन पिंप घासा. गिऱ्हाईक बाटली खाली ठेवतं. शेजारचे दुकानदार म्हणतात, बाईचं डोकं फिरलंय. नवरा हाफिज दोनदा बजावून गेलाय, तोंड मिटून धंदा कर, न्हाईतर घरात बस. जिच्या घरातली पोर गेली ती तानुबाई हिला बोल लावत नाही, आणि ज्यांचं काहीच गेलं नाही ते हिला गप्प करायला निघालेत!

पोर परत येत नसते, हे जरिनाला कळतं. पण पलूसच्या परड्यापरड्यात पिंपं अजून भरलेलीच आहेत. म्हणून पुढच्या बाजाराला तिच्यापाशी थांबा. बाटली घ्या, नका घेऊ, तिचं बोलणं शेवटपर्यंत ऐका. आणि कुणी तिला गप्प करायला आलं, तर तिच्या बाजूनं तुम्ही तोंड उघडा.