मंगळावरची एक रेघ

गल्लीत तिला सगळे पृथ्वीवाली म्हणायचे. म्हणणारच. पुढची खोली दुकान, मागची कारखाना, आणि जिकडे पाहावं तिकडे पृथ्व्या: काही नुसत्याच पांढऱ्या, काही अर्ध्या समुद्रापर्यंत आलेल्या, काही वाळत टांगलेल्या. कागदाच्या लगद्याचा पोकळ गोल करायचा, त्यावर नकाशाच्या छापील पाकळ्या खळ लावून डकवायच्या आणि सुरकुती पडू द्यायची नाही, हा तिचा धंदा. सुरकुती पडली की आख्खा देश दुमडतो, आणि गिऱ्हाईक नेमकं तोच देश बघायला मागतं. बाई हाताने पक्की आणि तोंडाने तिखट. शाळेचा शिपाई गोल एका हातात लटकवून निघाला की ती ओरडायची, "अहो, दोन्ही हातांनी धरा! आपण सगळे राहतोय त्यावर!"

पण पृथ्वीच फक्त. मंगळाचं नाव त्या घरात काढायची सोय नव्हती.

त्याला कारण तिचे वडील, अण्णा. तरुणपणी त्यांनी एक मंगळ केला होता, आणि काय मंगळ होता तो! त्या आधीच्या काळात दुर्बिणीतून पाहणाऱ्या काही लोकांना मंगळावर सरळ रेघा दिसल्या होत्या. त्यांचे नकाशे निघाले, रेघांना लोक कालवे म्हणू लागले, आणि कालवे म्हटले की ते खणणारंही कुणीतरी असणारच. अण्णांनी असाच एक नकाशा गोलावर उतरवला, बारीक ब्रशने एकेक कालवा हाताने काढला, कडेने हिरवळसुद्धा दिली. शाळांनी तो गोल डोक्यावर घेतला, आणि अण्णांनी तसे आणखी कितीतरी केले. मग एक यान मंगळापर्यंत गेलं, फोटो आले, आणि फोटोत कालवे नव्हतेच. नुसते खड्डे आणि धूळ. शाळांनी गोल परत पाठवले, आणि समोरच्या घड्याळवाल्याला जन्मभर पुरेल असा विनोद मिळाला. सकाळी शटर वर करताना तो विचारायचा, "काय अण्णा, सोडलं का पाणी मंगळावर?"

अण्णा आत निघून जायचे. ब्रश तर त्यांनी पुन्हा हातात धरलाच नाही. उरलेला एकुलता एक मंगळ कारखान्याच्या कोपऱ्यात पडून होता, आणि त्यावर खळीची फडकी वाळत घातली जायची. मुलीला घड्याळवाल्याचा असा संताप होता की तिने त्याच्याकडून कधी साधा सेलसुद्धा बदलून घेतला नाही.

म्हणूनच विज्ञान संग्रहालयाच्या बाईंनी हात लावून पाहता येईल असा मंगळ मागितला, माणसाच्या उंचीचा आणि डोंगरदऱ्यांसकट, तेव्हा ती एका पायावर तयार झाली. अट एकच: खाली दुकानाचं नाव लागलं पाहिजे. दुकान अण्णांच्या नावाचं होतं. ते नाव मंगळाखाली एकदा मानाने लागावं, एवढंच तिला हवं होतं.

अण्णांनी ऐकलं आणि ताट बाजूला सारलं. "काम कर तू. पण माझं नाव नको. एकदा हसं झालं तेवढं पुरे."

तिने काम घेतलं, मनातली गोष्ट मनात ठेवून. यानांनी मोजलेल्या उंचीचे नवे नकाशे भिंतभर लावले. खरं प्रमाण धरलं असतं तर मंगळावरचा सगळ्यात मोठा डोंगरही बोटाला जेमतेम लागला असता, म्हणून बाईंशी ठरवून तिने सगळ्या उंच्या वाढवून घेतल्या. थरावर थर लगदा चढवला. मंगळाच्या पोटावर आडवी पसरलेली एक प्रचंड दरी आहे, ती चमच्याच्या पाठीने कोरली, आणि जिथे जमीन काळपट आहे तिथे रंग दिला.

अधूनमधून ती कोपऱ्यातल्या जुन्या गोलाकडे बघायची. एकही रेघ कशाशी जुळत नव्हती. म्हणजे घड्याळवाला खरा, आणि हे तिला फार लागायचं.

एक दिवस तिने वाळलेलं फडकं ओढलं, त्याबरोबर जुना मंगळ खाली आला आणि घरंगळत टेबलाखाली गेला. चरफडत तिने तो घाईघाईने स्टँडवर पुन्हा बसवला, तो उलटा. सुलटा करायला हात पुढे केला आणि थांबली. जुन्या गोलावर एक पाचरीसारखा काळा डाग होता. अगदी तसाच डाग तिने नव्या गोलावर कालच रंगवला होता. तिने डागासमोर डाग आणला आणि दोन्ही गोल सारखेच फिरवत नेले. दरी समोर आली. जुन्या गोलावर, नेमक्या त्याच जागी, अण्णांनी काढलेली सगळ्यात जाड रेघ होती.

ती जुना गोल छातीशी धरून आतल्या खोलीत धावली. "अण्णा, तुम्ही मंगळ उलटा केला होतात?"

"उलटा कसला? दुर्बिणीत सगळं उलटंच दिसतं. तेव्हाचे नकाशेही तसेच निघायचे, दक्षिण वर. धंद्यातल्या माणसाला हे ठाऊक असायचं."

"मग मला कधी सांगितलं नाहीत?"

"तू विचारलंस कधी?"

"विचारू दिलंत कधी?" असं म्हणून तिने त्यांना हाताला धरून उठवलं, कारखान्यात आणलं आणि त्यांचं बोट नव्या मंगळावरच्या दरीत ठेवलं.

अण्णा कितीतरी वेळ ते बोट पुढेमागे फिरवत राहिले. "आणि बाकीच्या रेघा?"

"बाकीच्या बहुतेक खोट्या," ती म्हणाली. बापाशीही ती खोटं बोलणारी नव्हती. "पण ही आहे, अण्णा."

त्यांनी नाक पुसलं. "माझे ब्रश कुठे ठेवलेत?"

उद्घाटनाला सगळी गल्ली लोटली. मंगळाखाली दुकानाचं नाव अण्णांनी स्वतः रंगवलं होतं. शेवटचं अक्षर थोडं हललं होतं, पण ते सुधारायची कुणाची छाती झाली नाही. शेजारी जुना मंगळ ठेवला होता, खळीच्या डागांसकट, आता उत्तर वर करून. पृथ्वीवाली अभिमानाने फुलून उभी होती आणि लपवतही नव्हती.

घड्याळवालाही आला, इस्त्रीचा शर्ट घालून. सवयीने तोंड उघडलंच त्याचं. "काय अण्णा, सोडलं का..."

अण्णांनी त्याचं मनगट पकडलं आणि बोट दरीत घातलं. "पाणी नाही. कालवाही नाही, दरी आहे. पण रेघ इथेच होती. चला, चालायला लागा."

घड्याळवाला बोट दरीत ठेवून निघाला. एक पाऊल सरकला, आणखी एक सरकला, गर्दीतून वाट काढत मंगळाच्या कडेकडेने जात राहिला. दरी संपेना.

"अण्णा, अहो, अजून किती?"

"चला, चला! अजून आहे!" अण्णा मोठ्याने हसत म्हणाले, आणि त्यांचा तो हसण्याचा आवाज मुलीने जन्मात पहिल्यांदा ऐकला.