ताईच्या वाट्याचा तुकडा

मी केक आणि साखरेची शिल्पं करतो. उगाच कुणाला सांगत नाही, पण मोठ्या शिल्पाच्या आत बऱ्याचदा थर्माकोल असतो. केक मऊ असतो, वजन पडलं की खचतो. हॉटेलवाल्यांना शिल्प नुसतं मिरवायचं असतं, चव कोण विचारतंय?

ताईच्या साठाव्या वाढदिवसाला मी तिचं शिलाई मशीन करून नेलं. त्याच मशीनवर तिने माझे शाळेचे सगळे गणवेश शिवले होते. चाक, दोरा, सुई, सगळं साखरेचं. ती सुई मोडू नये म्हणून मी आत केक घातलाच नाही. घरचीच माणसं आहेत, चालवून घेतील, अशी मनाची समजूत घातली. ताईला सांगायचं मात्र टाळलं.

ताईने सुरी लावली आणि आतून करकर आवाज आला. थर्माकोलचे दाणे टेबलभर उडाले. भाचा पोट धरून हसला. माझी मान खाली गेली.

"असू दे रे," ताई म्हणाली. "नाहीतरी मला साखर वर्ज्यच आहे. बघूनच पोट भरलं."

सुटलो बुवा, असं वाटून मीही निर्लज्जासारखा हसलो.

टेबल पुसताना तिची सून हळूच म्हणाली, "मामा, महिनाभर आईंनी गोडाला हात लावला नाही. डॉक्टरांशी भांडून आजच्या एका तुकड्याची परवानगी मिळवली होती. म्हणत होत्या, तीस वर्षं याचे केक फोटोतच खातेय."