आधी पाणी दे त्यांना

तुरुंगातून दिराच्या नाटकाचं बोलावणं आलं, तेव्हा मी गावदेवीपुढे उभी राहून म्हटलं, "आई, त्याचं तोंड मला दाखवू नकोस." देवीकडे असं मागावं का, हेही मला कळत नव्हतं. आमचं गाव पोलादपूरच्या वर, डोंगरात. तीन वर्षांपूर्वी शेताच्या बांधावरून भांडण झालं आणि धाकट्या दिराने माझ्या यजमानांच्या उजव्या हातावर कोयता घातला. हात राहिला, पण बोटं मिटत नाहीत. दीर तुरुंगात गेला. तिथे एक बाई कैद्यांना नाटक शिकवायला येत. त्यांनी बसवलेलं नाटक बघायला घरच्यांना बोलावलं होतं.

सासूबाई म्हणाल्या, "मला येकटीला नाय जमायचं गो. तू चल." आम्ही दोघी एसटीने निघालो. वाटभर मी देवीचं नाव घेत होते, पण मन नावात नव्हतं.

पटांगणात सतरंज्या अंथरल्या होत्या. नाटक साधंच होतं. हात निकामी झालेला एक माणूस आणि त्याला भरवणारी त्याची बायको. बायकोचं काम दिराने केलं होतं. लुगडं, डोक्यावर पदर. आधी मला ओळखूच आला नाही. ओळखला तेव्हा उठून जावंसं वाटलं, पण सासूबाईंनी माझं मनगट घट्ट धरलं होतं. तो ताटात भाकरी कुस्करत होता, मी कुस्करते तशीच. हे त्याने पाहिलं कधी? त्या भांडणानंतर तो घरी आलाच नव्हता. त्याने घास उचलला आणि तिथेच अडला. पुढचे शब्द त्याला आठवेनात.

"आधी पाणी दे त्यांना. कोरडा घास उतरत नाय."

आवाज माझा होता. पण बोलायचं मी ठरवलं नव्हतं, हे देवीची शपथ घेऊन सांगते. दिराने माझ्याकडे पाहिलं, तांब्या उचलला, त्या माणसाला पाणी पाजलं, आणि नाटक पुढे सरकलं.

नंतर भेटीत तो सासूबाईंच्या पायाशी बसला. मान वर न करता म्हणाला, "वयनी, नाटकाच्या बाईंनी इचारलेलं, तुझ्या घरात आता जेवणं कशी होत असतील. तेवढाच इचार रोज करत होतो." त्याला माफ केलं का, तेच मला समजत नव्हतं.

घरी येऊन यजमानांना सगळं सांगितलं. ते म्हणाले, "बारीक झालाय काय?"

"झालाय."

"पुढच्या खेपेला मी पण येतो."

माझा राग अजून गेलेला नाही. एखाद्या दिवशी वाटतं गेला, दुसऱ्या दिवशी यजमानांच्या सदऱ्याची बटणं लावताना परत येतो. माफी म्हणजे आपण मनाशी ठरवून द्यायची गोष्ट, असं मी समजत होते. आता तो हिशेब माझ्याकडे ठेवत नाही, देवीवर सोडलाय. तिला वाटेल तेव्हा ती माझ्याकडून माफ करून घेईल. त्या पटांगणात एक वाक्य वदवून घेतलं, तेवढ्यासाठीही मी तिचे उपकार विसरणार नाही.