कारणाच्या रकान्यात संघदीप

फुलचुरातल्या बाया विचारायच्या, "सुमनबाई, पोरगी नेमकं काय काम करते वो?" सुमनबाई सांगायच्या, "तिकडं अमेरिकेत लोकं पडतेत, अन् इकडं माही पोरगी थे लिहून घेते." बाया खो खो हसायच्या. हसा बापहो, पण याहून सोपं करून तर कंपनीच्या साहेबांनाही सांगता आलं नसतं.

स्नेहल मेडिकल कोडर होती. गोंदियात मोबाइलच्या दुकानाच्या वरच्या मजल्यावर अठरा कॉम्प्युटर मांडलेले, तिथं सकाळी नऊपासून तिकडच्या दवाखान्यांचे कागद वाचायचे आणि प्रत्येक दुखण्याला, प्रत्येक कारणाला ठरलेला कोड लावायचा. सन २०१६. कोडांचं नवं पुस्तक नुकतंच लागू झालेलं. काय एकेक प्रकार त्यात! कुत्रं चावलं त्याचा कोड निराळा, बदक चावलं त्याचा निराळा. स्केटवरून, फळीच्या गाडीवरून पडणाऱ्यांचं तर अख्खं पानच वेगळं, कारण पुस्तकाच्या हिशेबी तो माणूस पायी चालणाराच, फक्त पायाखाली चाकं घेतलेला. आणि पडून वर्षं उलटली, पण त्या पडण्याचं काही अंगात उरलं, तर आधी उरलेलं दुखणं लिहायचं, मग कारण लिहायचं आणि कारणाच्या शेवटी 'एस' जोडायचा. कितीही जुनं पडणं असो, पुस्तक त्याला विसरत नाही.

स्नेहल हे सगळं एकट्या डाव्या हातानं टाइप करायची आणि तरी ऑफिसात वेगात तिसरी होती. उजवा हात मनगटातून वळलेला, बोटं मुठीत आवळलेली, दंडाखाली नुसतं हाड. हा हात कशानं गेला हे तिला सातव्या वर्षापासून पाठ होतं. दादानं पाडलं.

तेव्हा ही मंडळी सडक अर्जुनीला राहायची. बाप खुशाल हायवेवरच्या ट्रकच्या गॅरेजात कामाला. तिथं झिजलेल्या बेअरिंगा फेकून द्यायचे. संघदीपनं, म्हणजे स्नेहलच्या मोठ्या भावानं, त्यातल्या चार आणल्या, फळीखाली ठोकल्या आणि गाडी केली. अकरा वर्षांचा पोट्टा, पण हातात कसब होतं. बहिणीला गाडीवर बसवून दोरीनं ओढायचा. एकोणीसशे नव्याण्णवच्या उन्हाळ्यात उतारावर दोरी त्याच्या हातातून सुटली, गाडी उलटली आणि स्नेहलचं कोपर मोडलं. हाड बसवणाऱ्या जागेश्वरानं बांबूच्या कमच्या लावून पट्टी आवळली. सहाव्या दिवशी पोरीला दवाखान्यात न्यावं लागलं, तोवर हात हातातून गेला होता. त्या संध्याकाळी खुशालनं पोराला पट्ट्यानं असा फोडला की गल्लीतले लोक मधे पडले. पोट्टा रडला नाही. त्यानंतर तो शाळेत फारसा गेला नाही, पंधराव्या वर्षी ट्रकवर क्लीनर म्हणून चढला आणि पुढं ड्रायव्हर होऊन रायपूरलाच राहिला. तिथंच अल्काशी लग्न केलं, छकुली नावाची एक पोरगी झाली. बाप वारला, माय-लेकी फुलचुरात आल्या. संघदीप वर्षातून एकदा, चौदा एप्रिलला यायचा, अंगणातच उभ्यानं चहा प्यायचा आणि जायचा. बहिणीच्या हाताकडे एकदाही बघायचा नाही. स्नेहलला एकच गोष्ट हवी होती. दादानं घरात येऊन बसावं, जेवावं, एक रात्र राहावं. एवढंच हो! जगावेगळं काही मागत होती का ती?

तर त्या जुलैत एक कागद आला. तिकडचा कोणी मुलगा फळीच्या गाडीवरून पडला होता, कोपर मोडलेलं, आता चार वर्षांनी हात आवळलेला. स्नेहलनं झर्रकन कोड लावला. दुखणं, मग कारण, गाडीवरून पडणं, शेवटी एस. अशा कामात तिला पुस्तक उघडावंही लागायचं नाही.

कागद चूक म्हणून परत आला. तपासणारा वीरेंद्र खुर्ची ओढत तिच्याजवळ आला. "मैडम, नोट पूरा पढ़ा नहीं आपने. गिरने से हड्डी टूटी, ठीक. हड्डी तं जुळली ना? डॉक्टर साफ लिहून राहिला, प्लास्टर टाइट होतं, रक्त बंद झालं, बोटं निळी पडली तरी कोणी सोडलं नाही. हात त्यानं गेला. तुम्ही चोर सोडून संन्याशाले कायले फाशी देऊन राहिल्या?" बोलता बोलता त्याची नजर तिच्या हातावर गेली. "आराम से ठीक कर देना," म्हणत तो उठून गेला.

स्नेहलनं तो कागद चारदा वाचला. निळी बोटं तिला आठवत होती. स्वतःचं ओरडणंही आठवत होतं आणि मायचा शब्दही, "सोस थोडं."

घरी सुमनबाई सुपात लाखोरीची डाळ निवडत बसल्या होत्या. स्नेहल समोर बसली.

"माय, माहा हात कायनं गेला?"

"पडली तू. संघदीपनं पाडलन."

"पडून हाड मोडलं. हाड तं जुळलं. हात पट्टीनं गेला."

सुमनबाईंचं निवडणं थांबलं नाही. "मले मालूम आहे," त्या म्हणाल्या.

स्नेहलला वाटलं होतं की माय रडेल, उडवून लावेल, शिव्या देईल. हे काही तिच्या ध्यानीमनी नव्हतं.

"डॉक्टरनं त्याच दिवशी सांगतलन. जागेश्वरही सांगून गेला होता, बोटं निळी पडली तं पट्टी सोडजा. मी नाही सोडली. म्हटलं हाड सरकन, हात वाकडा राहीन. वाकड्या हाताच्या पोरीशी लगन कोण करन?"

"आता कोण करून राहिलं?"

सुमनबाईंनी खडा वेचून बाजूला टाकला.

"मंग दादाले मार काऊन खाऊ देलीस, माय? तोंडानं एक शब्द नाही बोलली?"

"तुह्या बापानं मले जित्ती ठेवलं नसतं. पोट्टा आहे, मारून मारून किती मारन, असं वाटलं."

"अन् बाबा गेल्यावर?"

"तवापर्यंत त्याचं घरात येणंच बंद झालं होतं." आता कुठं त्यांचा आवाज फाटला. "कोणत्या तोंडानं सांगू, तूच सांग."

सतरा वर्षं या बाईनं आपली चूक लेकराच्या डोक्यावर ठेवली, आणि त्याच बाईनं सतरा वर्षं रोज सकाळी स्नेहलची वेणी घातली. राग कुठून धरायचा हेच तिला कळेना. पण एक आशा मात्र मनात उभी राहिली. दादाला कळलं की त्याचा काही दोष नाही, तर तो येईल. पोरगी शहाणी, पण इथं भाबडीच निघाली.

दुसऱ्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत ऑफिसच्या जिन्यात उभं राहून तिनं फोन लावला. संघदीप देवरीजवळ ढाब्यावर थांबला होता. तिनं सगळं सांगितलं, एका दमात.

"मायले बोलली तू?" त्यानं विचारलं.

"हो."

"जेवली का थे?"

"दादा, मी काय सांगून राहिली अन् तू काय विचारून राहिला! तुहा दोष नव्हता. दोरी सुटली, लेकरांच्या हातून सुटते. तू माहा हात नाही घालवला."

"हं."

"तू घरी ये ना आता. छकुलीले घेऊन ये."

तो हळूच म्हणाला, "एक गोष्ट सांगू? अल्कालेही नाही सांगतलो. छकुली झाली तवा नर्स तिले माह्या हातात देऊन राहिली होती. मी हात मांगं घेतलो. म्हटलं, माह्या हातून पडन. तवापासून उचललोच नाही. पाच वर्षाची झाली थे. जत्रेत लोकांची पोरं बापाच्या खांद्यावर राहतेत. माही पोरगी मायचा पदर धरून चालते."

"मंग आता उचल, दादा! आता तं मालूम झालं ना? आज घरी जा अन् उचल."

"परवा हात पुढं केलो होतो," संघदीप म्हणाला. "थे अल्काच्या मांगं लपली. अन् तिले विचारत होती, पापा कधी जाईल म्हणून."