जहाजवाल्या मावशी

जहाजवाल्या मावशी कुठंही गेल्या, की आधी बाहेर पडायचा रस्ता बघत आणि मगच बसत. लग्नाचा मांडव असो नाहीतर कुणाकडचा सत्यनारायण, वाटेतल्या खुर्च्यांच्या पाठींना हात लावत लावत त्या पुढं जात आणि दाराजवळची जागा धरत. असं का करता म्हणून मी एकदा विचारलं, तर म्हणाल्या की धुरात डोळ्यांचा उपयोग नसतो, रस्ता हातांना आठवावा लागतो. ऐकूनच मला घाम फुटला. मी जन्माची भित्री. भिंतीवर पाल दिसली तरी शेजाऱ्यांना हाका मारणारी.

मावशी सगळी उमर विमानात एअर होस्टेस होत्या. रिटायर झाल्यावर माहेरच्या गावी म्हणून काशीला परत आल्या आणि ब्रह्मा घाटाच्या गल्लीत, आमच्याच मजल्यावर, समोरच्या दोन खोल्यांत एकट्या राहू लागल्या. आमच्या मोहल्ल्यात विमानाला जहाजच म्हणतात, म्हणून त्या जहाजवाल्या. माझे वडील, अप्पा, संस्कृतचे मास्तर होते. त्यांना या बाईंचं फारसं कौतुक नव्हतं. आकाशात चहा वाटून आल्यात, असं म्हणायचे, पण नैवेद्याची वाटी मात्र न चुकता समोर पाठवायचे.

चहाचं मावशींच्या कानावर गेलं तेव्हा त्या खूप हसल्या. चहा तर लोकांचा वेळ जावा म्हणून असतो गं, म्हणाल्या. त्यांचं खरं काम दीड मिनिटाचं. विमानाला आग लागली तर तेवढ्या वेळात सगळी माणसं बाहेर काढायची. त्यासाठी ट्रेनिंगमध्ये त्यांना चक्क ओरडायला शिकवलेलं. "घाबरलेल्या माणसाला विनंती करू नये, बेटा. कृपया म्हटलं की तो विचार करत बसतो. दारात कुणी अडला तर सरळ ढकलायचं." एवढ्या मऊ बोलणाऱ्या बाई कुणाला ढकलतील, हे मला काही केल्या पटेना. 

आमच्या इमारतीवर त्यांचा भारी राग. काशीत माकडांपायी प्रत्येक खिडकीला लोखंडी जाळी, आणि गच्चीच्या दाराला कुलूप. त्याची किल्ली खाली मालकांकडे असे. मावशींनी मालकांच्या मागं लागून एक किल्ली दाराशेजारच्या खिळ्याला टांगून घेतली. अप्पा चिडले. "माकडं किल्ली नेतील. हा काय हवाई अड्डा आहे?" दोन दिवस त्यावरून जिन्यात तमाशा झाला. किल्ली मात्र तिथंच राहिली, आणि मावशी जाता-येता त्या खिळ्याला एकदा हात लावून यायच्या.

मग तो ज्येष्ठातला शनिवार आला. मी नोकरी करते त्या बँकेला सुट्टी होती, म्हणून मी घरी. दुपारी अप्पा जेवून पडले होते. पंखा बंद झाला आणि रबर जळाल्यासारखा वास आला. मी दार उघडलं तर जिन्यातून काळा धूर वर येत होता. खाली जिन्याच्या तोंडाशी सगळ्या इमारतीचे विजेचे मीटर आहेत, तेच पेटले होते. माझी पाचावर धारण बसली.  दाराची कडी धरून मी नुसती उभी होते, आणि ती कडी सुटेना.

"सोड ते! खाली वाक! वर चल!"

असला आवाज मी जन्मात ऐकला नव्हता. तो मावशींचा आहे हे कळायच्या आत माझे हात सुटले होते आणि मी वाकले होते. मावशी अनवाणी समोरून आल्या, ओला टॉवेल माझ्या तोंडावर दाबला आणि अप्पांच्या खोलीत शिरल्या.

अप्पा तोवर उठून देवघरापुढं बसले होते. पणजोबांनी साताऱ्याहून आणलेले देव, चांदीचे टाक, शाळिग्राम, बाळकृष्ण, एकेक पुसून ते तांब्याच्या डब्यात ठेवत होते, जसं काही गाडीला अजून वेळ होता. मी हात जोडले, रडले, "अप्पा, चला हो" म्हटलं. "देवांना टाकून कसं येऊ?" ते म्हणाले आणि शाळिग्रामासाठी कापड शोधू लागले. मावशींनी त्यांना काखेत हात घालून उठवलं. डबा अप्पांनी दोन्ही हातांनी छातीशी धरलेला, झाकण उघडंच.

जिन्यात काही म्हणजे काही दिसत नव्हतं. मी भिंत चाचपत वर गेले, खिळा सापडला, किल्ली सापडली, पण त्या अंधारात ती कुलपात जाईना. मागं अप्पांचा खोकला ऐकू येत होता. दम्याचा माणूस, आणि दोन्ही हात डब्यात अडकलेले, त्यामुळं कठडा धरता येईना. अप्पा दोन पायऱ्या चढले आणि बसले. ते आता उठत नाहीत, हे मला त्या खोकल्यावरूनच कळलं. मी तिथंच उभ्या उभ्या पोरकी झाले.

"डबा सोडा!" मावशी ओरडल्या. अप्पांनी तो आणखी घट्ट धरला. मग मावशींनी डबा हिसकला आणि खाली फेकला.

देव पायऱ्यांवरून खणखणत खाली गेले. अप्पा किंचाळले. मावशींनी त्यांचा हात कठड्यावर दाबला, पाठीला खांदा लावला आणि त्यांना वर ढकलत आणलं. कसं कोण जाणे, कुलूप उघडलं. आम्ही गच्चीतून शेजारच्या गच्चीत गेलो. तिथं मावशींना कुणीतरी पाणी दिलं, तर भांडं धरवेना त्यांना. सगळं पाणी साडीवर सांडलं. मी म्हटलं, मावशी, तुम्हालाही भीती वाटते? "रोज वाटायची. प्रत्येक वेळी विमानाचं दार बंद झालं की वाटायची," त्या म्हणाल्या आणि तोंडाला पदर लावून रडल्या.

आग विझली. माणसं सगळी वाचली. आग विझवायला मारलेल्या पाण्याच्या लोंढ्यातून टाक मिळाले, शाळिग्रामही मिळाला. बाळकृष्ण नाही मिळाला. त्याच्यासाठी गल्लीतली नाली मी स्वतः हातांनी उपसली. अप्पांनी त्या दिवसापासून समोरच्या दाराकडं बघणं सोडलं. नैवेद्याची वाटी बंद झाली. मी मावशींना म्हटलं, एकदा नुसतं माफ करा म्हणा ना, त्यांचं मन हलकं होईल. त्या नाही म्हणाल्या. माफी मागितली असती तर ती खोटी झाली असती, तशी वेळ आली तर डबा त्यांनी पुन्हा फेकला असता.

पावसाळ्यानंतर त्या भाचीकडे नागपूरला राहायला गेल्या. निघताना दारात आल्या. अप्पांनी पाठ फिरवली आणि पूजेची घंटा जोरजोरात वाजवायला घेतली. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. मावशी मात्र उंबऱ्याशी उभ्या राहून लक्ष देऊन ऐकत होत्या. मग हळूच विचारलं, खोकला थांबला ना? मी मान हलवली.

"रागावू दे गं त्यांना. रागवायला आहेत ना ते," म्हणाल्या, माझ्या गालाला हात लावला आणि जिना उतरून गेल्या.

अप्पा अजून आहेत. रोज सकाळी पूजा करताना बाळकृष्णाच्या रिकाम्या जागी तुळस ठेवतात आणि म्हणतात, "त्या बाईनं माझा देव फेकला." स्वयंपाकघरात कणीक मळता मळता मी थांबते आणि ते ऐकते. एखाद्या सकाळी ते म्हणायला त्यांना उशीर झाला, तर मी कणकेच्या हातांनीच धावत देवघराशी जाते.